एवढ्याशा रटलंडची चारशे वर्षे

इंग्लंडच्या मध्यभागी रटलंड नावाची एक काउंटी आहे. क्षेत्रफळ जेमतेम ३८० चौरस किलोमीटर. आपल्याकडचे बहुतेक तालुके तिच्याहून मोठे भरतील. १ एप्रिल १९७४ रोजी सरकारी फेररचनेत ती शेजारच्या लेस्टरशरमध्ये विलीन झाली आणि १ एप्रिल १९९७ रोजी पुन्हा वेगळी झाली. मधल्या तेवीस वर्षांत काउंटी म्हणून तिला सरकारदरबारी जागा नव्हती. कपाटातल्या नकाशांत आणि ग्रंथांत मात्र ती जशीच्या तशी होती. त्या कागदांचा हा मागोवा.

सुरुवात करावी लागते ती ख्रिस्तोफर सॅक्स्टनपासून. हा यॉर्कशरचा मोजणीदार. टॉमस सेकफर्ड नावाच्या दरबारी अधिकाऱ्याच्या पैशावर त्याने १५७०च्या दशकात इंग्लंड आणि वेल्सच्या सगळ्या काउंट्या पालथ्या घातल्या. १५७६मध्ये वेल्ससाठी त्याला राणीच्या मंत्रिमंडळाचे पत्र मिळाले. या माणसाला मनोरा, किल्ला, टेकडी अशा कुठल्याही उंच जागी जाऊ द्यावे आणि मुलूख ठाऊक असलेली दोन-तीन खात्रीची माणसे बरोबर द्यावीत, असा त्यात हुकूम होता. त्या नकाशांतल्या गावांच्या नावांमागे अशी अनाम वाटाड्यांची माहिती आहे, हे विसरता कामा नये. १५७९मध्ये त्याचा ॲटलास पूर्ण झाला. त्यात टेकड्या आहेत, नद्या आहेत, सरदारांची कुंपण घातलेली शिकारीची राने आहेत; रस्ते मात्र नाहीत. रटलंडला त्यात स्वतंत्र पानही मिळाले नाही. आणखी चार काउंट्यांबरोबर एकाच पानात तिची बोळवण झाली.

ती कसर जॉन स्पीडने भरून काढली. स्पीड मूळचा शिंपी. १६११-१२च्या सुमारास त्याचा मोठा ॲटलास निघाला आणि त्यात रटलंडला तिचे स्वतःचे पान मिळाले. जमिनीची मोजणी त्याने बव्हंशी सॅक्स्टन आणि इतरांकडून उचलली, पण काउंटीच्या पोटविभागांच्या हद्दी दाखवल्या आणि पानांच्या कोपऱ्यांत शहरांचे आराखडे घातले. कित्येक इंग्रज शहरांचा उपलब्ध असलेला पहिला आराखडा स्पीडचाच आहे. पुढे व्यापाऱ्यांनी या ॲटलासच्या प्रती उसवून एकेक पान चौकटीत घालून विकले. त्यात पुस्तकांचे झालेले नुकसान भरून येणारे नाही.

नकाशांच्या बरोबरीने ग्रंथही आले. एका काउंटीवर संपूर्ण पुस्तक लिहिण्याचा पायंडा विल्यम लँबार्डने १५७६मध्ये केंटवर लिहून पाडला. रटलंडचा इतिहास १६८४मध्ये जेम्स राइट या वकिलाने लिहिला. जहागिरी कोणाकडून कोणाकडे गेल्या, घराण्यांच्या वंशावळी काय, चर्चमधल्या थडग्यांवर काय कोरले आहे, याचा तो ग्रंथ. त्या काळचे बहुतेक काउंटी-इतिहास याच घाटाचे आहेत. ते जमीनदारांच्या वर्गणीवर निघत आणि जमीनदारांनाच आरसा दाखवत. नांगरणारा, मेंढ्या राखणारा माणूस त्यांत शोधूनही सापडत नाही. तरीही या लेखकांच्या चिकाटीला तोड नाही. एडवर्ड हेस्टेडने केंटच्या इतिहासात उभे आयुष्य घातले आणि चौथा खंड १७९९मध्ये बाहेर आला तेव्हा तो कर्जापायी तुरुंगात होता.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ऑर्डनन्स सर्व्हे या सरकारी मोजणी खात्याने मैलाला पंचवीस इंच या प्रमाणाचे नकाशे काढले, आणि माझ्या मते सर्वांत मोठी उडी तीच. इथे प्रथमच शेत दिसते. प्रत्येक शेताला क्रमांक, त्याखाली एकरांत क्षेत्रफळ. घरे, विहिरी, पायवाटा, सगळे जागच्या जागी. आमच्याकडच्या भूमापनाचा गट-नकाशा हाताळलेल्या माणसाला हे पान परके वाटणार नाही. त्याची किंमत रटलंडला पुढे कळली. १९७०च्या दशकात धरण बांधून तिथे मोठा जलाशय केला गेला आणि नेदर हॅम्बल्टन हे खेडे त्यात गेले. टेकडीवरचे अपर हॅम्बल्टन तेवढे उरले. हॅम्बल्टनची नोंद १०८६च्या डोम्सडे या जमीन-पाहणीत आहे. आज खालच्या वस्तीची वाट कुठून कुठे जात होती ते पाहायचे तर हा जुना नकाशाच उघडावा लागतो. कोयना-उजनीच्या काठच्या माणसांना याहून जास्त सांगायला नको.

१८९९मध्ये व्हिक्टोरिया काउंटी हिस्टरी हा प्रकल्प सुरू झाला. इंग्लंडच्या प्रत्येक काउंटीचा पॅरिशवार इतिहास मूळ दस्तऐवजांवरून लिहायचा, आणि तोही थोड्याच वर्षांत, असा बेत होता. दप्तरखान्यात बसून दस्त उतरवण्याचे काम मुख्यतः नुकत्याच विद्यापीठातून बाहेर पडलेल्या तरुणींनी केले. रटलंडचा पहिला खंड १९०८चा. डोम्सडेतल्या तिथल्या नोंदी त्यात इंग्रजीत आहेत. त्यावरून कळते की १०८६मध्ये रटलंड धड काउंटीही नव्हती. तिचा काही भाग नॉटिंगहॅमशरच्या शेपटाला जोडलेला होता. दुसरा खंड १९३५मध्ये आला, त्यात गावोगावचा इतिहास आहे. जहागिरींचे प्रस्थ इथेही आहेच. पण प्रत्येक विधानाला दस्ताचा आधार आहे, म्हणून मी राइटपेक्षा यावर विसंबतो.

मग डब्ल्यू. जी. हॉस्किन्स आले. लेस्टरच्या विद्यापीठ-महाविद्यालयात १९४८मध्ये त्यांच्या नेतृत्वाखाली स्थानिक इतिहासाचा स्वतंत्र विभाग निघाला, आणि इंग्लंडच्या भूदृश्याच्या घडणीवरचे त्यांचे पुस्तक १९५५मध्ये आले. कुंपणाची वळणे, गवताखाली उरलेले मध्ययुगीन नांगराचे वरंबे, उठून गेलेल्या गावांचे उंचवटे हे सगळे त्यांनी दस्तासारखे वाचले. अभ्यासकाला बूट चढवून शेतात नेणारा हा माणूस मला या साऱ्या परंपरेत थोर वाटतो, कारण ज्याने दस्त लिहून ठेवला नाही त्याचाही इतिहास यामुळे लिहिता आला. पुढे सफोक, नॉरफोक, लिंकनशर अशा काउंट्यांचे जे ऐतिहासिक ॲटलास निघाले, एका पानावर नकाशा आणि समोर त्या विषयाच्या जाणकाराचे टिपण, त्यांच्यावर ही छाप स्पष्ट आहे.

आपल्याकडे याच्या जवळचे जे आहे ते जेम्स कॅम्पबेल यांनी संपादित केलेले मुंबई इलाख्याचे गॅझेटियर. नाशिकचा खंड १८८३चा, पुण्याचे १८८५चे. महसूल गोळा करणाऱ्या सरकारची नजर त्यांत पानोपानी आहे. ती ओळखूनच ते वाचावे. पण आपल्या जिल्ह्याचा खंड एकदा काढाच. त्यातले आपल्या गावाचे पान आणि भूमिअभिलेखातला गावाचा नकाशा शेजारी ठेवा, आणि गावातले म्हातारे हयात आहेत तोवर त्यांना बरोबर घेऊन शिवारातून फिरा. शेतांची नावे त्यांनाच ठाऊक आहेत. ती आधी लिहून घ्या.