गणिताची पुस्तके : सदिश शिकायचे तर अलिबागपासून

मागच्या आठवड्यात कॅलक्युलसची पुस्तके झाली. आज सदिश विश्लेषण आणि त्रिमितीय भूमिती. या दोन्हींची पुस्तके वेगवेगळी मिळतात आणि बहुतेक विद्यार्थी ती एकमेकांशी संबंध नसल्यासारखी वाचतात. भूमितीचे पुस्तक 'जुन्या वळणाचे' म्हणून बाजूला पडते आणि सदिशांचे पुस्तक सूत्रे पाठ करण्यात संपते. माझे मत स्पष्ट आहे : दोन्ही एकत्र वाचावीत, आणि आधी भूमितीचे पुस्तक उघडावे.

रायगडच्या किनाऱ्यावरच्या मुलामुलींना हे पटवायला उदाहरण घराजवळच आहे. मुंबईच्या कुलाबा वेधशाळेत १८४० च्या दशकापासून पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची मोजणी होत असे. मुंबईत विजेवरची ट्राम येणार असे ठरल्यावर त्या मोजणीला नवी जागा शोधणे भाग पडले. तेव्हाचे संचालक नानाभाई अर्देशीर फ्रामजी मूस यांनी अलिबाग निवडले आणि १९०४ मध्ये इथली वेधशाळा सुरू झाली. १९०६ पर्यंत, सुमारे दोन वर्षे, कुलाबा आणि अलिबाग दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी घेतल्या गेल्या. दोन ठिकाणच्या क्षेत्रांतला फरक नीट कळला की जुनी मालिका नव्या मालिकेला जोडता येते. सदिशांची वजाबाकी म्हणतात ती हीच, आणि ती इथे प्रत्यक्ष कामाला आली.

आता पुस्तकाकडे वळू. चुंबकीय क्षेत्र हा सदिश आहे : त्याला परिमाण आहे आणि दिशाही. अलिबागला या क्षेत्राचा आडवा घटक सुमारे ३८,००० नॅनोटेस्ला आहे आणि खाली जमिनीकडे जाणारा उभा घटक साधारण त्याच्या निम्मा. हिशेबासाठी तो १९,००० धरू. आडवा घटक इथे जवळजवळ खऱ्या उत्तरेकडेच असतो, म्हणून पूर्वेकडचा घटक शून्य मानू. उत्तर, पूर्व आणि खाली असे तीन अक्ष घेतले की आपल्या हातात एक सदिश आला. पायथागोरसने एकूण परिमाण काढा : साडेबेचाळीस हजारांच्या आसपास. मग प्रत्येक घटकाला त्या परिमाणाने भागा. मिळालेल्या तीन संख्या म्हणजे डायरेक्शन कोसाइन. त्यांच्या वर्गांची बेरीज एक येते, हे सूत्र पुस्तकात पहिल्या काही पानांतच भेटते. हे क्षेत्र क्षितिजाखाली किती कललेले आहे तेही याच आकड्यांतून निघते : साधारण साडेसव्वीस अंश.

इतके समजायला बालभारतीचे बारावीचे गणिताचे पुस्तक पुरते. त्यात 'सदिश' आणि 'रेषा व प्रतल' ही प्रकरणे एकापाठोपाठ आहेत, आणि ही रचना मला फार योग्य वाटते. अडचण पुढे येते. पदवीला गेल्यावर शांती नारायण यांचे घनभूमितीचे पुस्तक हाती घ्यावे. ते दिल्लीच्या हंसराज कॉलेजचे प्राचार्य होते आणि त्यांच्या पुस्तकांवर आपल्याकडच्या कित्येक पिढ्या शिकल्या. प्रतल, रेषा, गोल, शंकू या क्रमाने ते पुढे नेते. घाई न करता प्रतल आणि रेषा इथेच थांबून दोन महिने काढले तरी वेळ वाया जात नाही. त्याहून जुने आणि कसदार पुस्तक हवे असेल तर ग्लासगोच्या बेल यांचे, १९१० चे. भाषा जड आहे, पण उदाहरणे उत्तम.

सदिशांचे पुस्तक त्यानंतर. आज आपण वापरतो ती टिंबाची आणि फुलीची चिन्हे अमेरिकेतल्या येल विद्यापीठाचे गिब्ज यांच्याकडून आली. त्यांनी १८८० च्या दशकात विद्यार्थ्यांसाठी टिपणे छापली, आणि त्यांचा विद्यार्थी विल्सन याने त्यावरून १९०१ मध्ये पुस्तक लिहिले. ते इतिहास म्हणून चाळावे. सरावासाठी मात्र श्पीगल यांचे शॉम मालिकेतले १९५९ चे पुस्तक अजून तोडीस तोड आहे, कारण त्यात सोडवलेली उदाहरणे भरपूर आहेत.

त्यातल्या कर्व्हिलिनियर कोऑर्डिनेट्सच्या प्रकरणापाशी मुले अडखळतात. इथे पुन्हा अलिबागचीच मदत घ्यावी. आडवा घटक, त्याने उत्तरेशी केलेला कोन आणि उभा घटक, ही तिन्ही राशी वेधशाळेच्या रोजच्या कामातल्या. पुस्तकातल्या सिलिंड्रिकल कोऑर्डिनेट्स म्हणजे नेमक्या याच. एकूण परिमाण आणि दोन कोन घेतले तर स्फेरिकल. एवढी एक गोष्ट ध्यानात ठेवावी : वेधशाळेत कलाचा कोन क्षितिजापासून मोजतात, पुस्तकात उभ्या अक्षापासून. म्हणून एकातला कोन नव्वदमधून वजा केला की दुसरा मिळतो. परीक्षेत गुण जातात ते बहुधा इथेच.

कर्लचा अर्थही या इतिहासात दडलेला आहे. जिथे वीज वाहते तिथे चुंबकीय क्षेत्र त्या प्रवाहाभोवती वळते, म्हणजे त्याचा कर्ल शून्य राहत नाही. ट्रामचा परतीचा प्रवाह रुळांतून आणि जमिनीतून जातो, आणि त्याचे क्षेत्र पृथ्वीच्या क्षेत्रात मिसळते. उपकरणाला दोन्ही वेगळी काढता येत नाहीत. मूस यांची खटपट त्यासाठीच होती. त्यांनी १८४६ ते १९०५ या काळातल्या नोंदी त्यांच्या चर्चेसह १९१० मध्ये प्रसिद्ध केल्या. हवेत प्रवाह नसेल तिथे कर्ल शून्य, म्हणून क्षेत्र एखाद्या पोटेन्शियलचा ग्रेडियंट म्हणून लिहिता येते. गाउसने एकोणिसाव्या शतकात याच वाटेने दाखवले की या क्षेत्राचा उगम मुख्यतः पृथ्वीच्या पोटात आहे. ग्रेडियंट, डायव्हर्जन्स, कर्ल हे तीन शब्द पाठ केलेल्या मुलाला एवढे सांगितले की त्याचा चेहरा बदलतो, असा माझा अनुभव आहे.

या किनाऱ्याला गणित नवे नाही. अलिबागजवळच्या नागावात जन्मलेले केरो लक्ष्मण छत्रे, आपले केरूनाना, तरुणपणी कुलाबा वेधशाळेत ऑर्लेबार यांच्या हाताखाली काम करत होते. पुढे ते पुण्यात गणित शिकवू लागले. लोकमान्य टिळक त्यांचे विद्यार्थी. मराठीत गणित आणि विज्ञानाची क्रमिक पुस्तके लिहिणाऱ्या पहिल्या पिढीत त्यांचे नाव आहे. आज भारतीय भूचुंबकत्व संस्थेचे मुख्यालयही याच जिल्ह्यात, नवीन पनवेलला आहे. इतके सगळे हाताशी असताना पदवीच्या पातळीवरची त्रिमितीय भूमिती मराठीत, स्थानिक उदाहरणे घेऊन लिहिलेली मिळू नये, ही उणीव मला खटकते. जिल्ह्यातल्या महाविद्यालयांतील प्राध्यापकांनी एकत्र येऊन ती भरून काढावी, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

वाचकांनी या आठवड्यात एक उदाहरण सोडवावे. वरचा सदिश घ्या आणि अलिबागमधून जाणाऱ्या, त्या सदिशाला लंब असलेल्या प्रतलाचे समीकरण लिहा. ते प्रतल पूर्व-पश्चिम रेषेला कापते की तिला सामावून घेते, ते ठरवा. उत्तर पुढच्या लेखात, डिफरन्शियल इक्वेशन्सच्या पुस्तकांबरोबर.