डोडोच्या वाटेवरून मागे फिरलेले

मॉरिशस म्हटले की डोडो आठवतो. तो सतराव्या शतकातच संपला. पण याच बेटावरचे आणखी तीन पक्षी त्याच वाटेला लागले होते आणि अगदी टोकावरून मागे फिरले, हे आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नसते.

या तिघांचा आसरा असलेले ब्लॅक रिव्हर गॉर्जेस हे राष्ट्रीय उद्यान बेटाच्या नैर्ऋत्येला आहे. ते १९९४ मध्ये जाहीर झाले. क्षेत्र सुमारे ६७ चौरस किलोमीटर. खोल दऱ्या, उभे कडे, धबधबे. बाकीच्या बेटावर उसाने केव्हाच कब्जा केला. चांगल्या स्थितीतले मूळ जंगल आता दोन टक्केही उरलेले नाही.

मॉरिशस केस्ट्रेल हा आपल्या खरुचीचा भाऊबंद. खरुची उघड्या माळावर हवेत थबकून शिकार हेरते. हा मात्र आखूड, गोलसर पंखांनी झाडांच्या गर्दीतून वळसे घेत फांदीवरची हिरवी पाल अलगद उचलतो. जंगल तुटले, डीडीटी फवारले गेले, माकडे आणि उंदीर घरट्यांवर टपलेले. १९७४ मध्ये रानात असे चारच पक्षी माहीत होते.

१९७९ मध्ये कार्ल जोन्स हे वेल्सचे तरुण जीवशास्त्रज्ञ इथे आले. त्यांची पद्धत ऐकायला क्रूर वाटते. कड्यावर चढून घरट्यातली पहिली अंडी काढून घ्यायची. अंडी गेली की मादी पुन्हा घालते. काढलेली अंडी यंत्रात उबवायची, पिल्लांना चिमट्याने मांसाचे बारीक तुकडे भरवायचे. इकडे रानातल्या जोडीला पांढरे उंदीर आयते पुरवायचे. वाढलेली पिल्ले सोडल्यावरही, शिकार जमेपर्यंत, त्यांचे खाणे चालूच. आज हे पक्षी काही शेकड्यांत आहेत.

गुलाबी कबुतराची संख्या १९९०च्या सुमारास दहावर आली होती. फिकट गुलाबी अंग, तांबूस तपकिरी शेपटी. दिसायला देखणे आणि मला वाटते, जरा जास्तच भोळे. एको पोपटही १९८०च्या दशकात जेमतेम डझनभर उरला होता. आता दोघांची संख्या शेकड्यांत आहे. २०१८ मध्ये कबुतराचा आणि २०१९ मध्ये पोपटाचा धोक्याचा दर्जा एका पायरीने सौम्य झाला.

या पक्ष्यांना छळणाऱ्यांची यादी वाचताना मराठी माणूस चपापतो, कारण त्यात आपलीच मंडळी आहेत. उंदीर मारायला भारतातून नेलेले मुंगूस कबुतराच्या पिल्लांवर ताव मारते. साळुंकी आणि आपला नेहमीचा कंठवाला पोपट जुन्या झाडांच्या ढोल्या बळकावतात, म्हणून एको पोपटासाठी लाकडी पेट्या टांगाव्या लागतात. शिपाई बुलबुलही तिथे पोचलेला आहे. एकोणिसाव्या शतकात कोकणातून मळ्यांवर गेलेल्या मजुरांचे वंशज याच ब्लॅक रिव्हर जिल्ह्यात राहतात, ही आणखी एक ओळख.

सर्वांत चिवट शत्रू मात्र एक झाड आहे, लालचुटूक फळांचा चिनी पेरू. तो इतका दाट माजतो की त्याखाली मूळ झाडांचे रोप तगत नाही. म्हणून जंगलाचे काही तुकडे निवडून त्यांना कुंपण घातले आहे; तिथे माणसे हाताने पेरू उपटतात आणि काही काळाने पुन्हा उपटायला येतात. कुंपणाबाहेर माकडे आणि रानडुकरे बिया पसरवत राहतात. हंगामात माणसेही पिशव्या घेऊन जंगलात शिरतात. मीठ-मिरची लावून हा पेरू फार चवदार लागतो.