चेंडू बाळूंचा, कप्तानी कुणाची?

आपल्याकडील क्रिकेटचा इतिहास बहुधा राजेमहाराजांच्या नावांनी सुरू होतो. पहिल्या पिढीतील एक फार मोठा गोलंदाज चांभाराच्या घरात जन्मला होता आणि पगारी नोकर म्हणून मैदानावर आला होता, हे आमच्या तामलवाडीसारख्या गावात क्रिकेट खेळणाऱ्या दलित मुलांनाही ठाऊक नसते. पालवणकर बाळू हे त्यांचे नाव. व्यवस्था दलिताचे कसब घेते, पण त्याच्या हाती सूत्रे का देत नाही, हा प्रश्न त्यांच्या कारकिर्दीत पुन्हा पुन्हा उभा राहतो.

बाळूंचा जन्म 1876 मधला, धारवाडचा. वडील सैन्यात नोकरीला असल्याने कुटुंब पुण्यात राहिले. तेथे एका पारशी क्लबात खेळपट्टी झाडणे, रोलर फिरवणे या कामासाठी त्यांना महिना 3 रुपये मिळत. पुढे ते गोऱ्यांच्या पूना क्लबात 4 रुपयांवर गेले. साहेबांना सराव हवा म्हणून बाळूंनी तासन् तास चेंडू टाकायचे. जे. जी. ग्रेग हा नामांकित फलंदाज बाद झाला की आठ आणे देत असे, असे सांगतात. या मजुरीतूनच डावखुऱ्या फिरकीचे असामान्य कसब तयार झाले. पण सरावात बाळूंच्या हाती बॅट मात्र कोणी दिली नाही. चेंडू टाकणे हे कष्टाचे काम, बॅट हा साहेबाचा मान. श्रमाची ही वाटणी आपल्या ओळखीचीच आहे.

पुण्याच्या हिंदू क्लबाला गोऱ्यांना हरवायचे होते, तेव्हा बाळूंची आठवण झाली. मैदानावर सवर्ण खेळाडू त्यांच्या हातचा चेंडू झेलत. चहाची वेळ झाली की बाळूंना तंबूबाहेर मातीच्या भांड्यात चहा मिळे आणि जेवणाचे पान वेगळे मांडले जाई. चेंडूला विटाळ नव्हता, कपाला होता.

मुंबईत सामने धर्मवार होत. फेब्रुवारी 1906 मध्ये हिंदू संघाने युरोपियनांना 109 धावांनी हरवले आणि बाळूंनी 8 बळी घेतले. 1911 साली पहिला अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. त्याचे कर्णधार पतियाळाचे महाराज. त्यांनी मोजकेच सामने खेळले आणि बाळूंनी दौऱ्यात शंभरावर बळी मिळवले. एकाची कप्तानी जन्माने आली, दुसऱ्याने जन्मभर ती कमावली तरी मिळेना.

कारण हिंदू संघाचे नेतृत्व बाळूंकडे कधीच पूर्णपणे आले नाही. 1913 मध्ये एम. डी. पै कर्णधार झाले, तेव्हा हा मान ज्येष्ठ म्हणून बाळूंचा होता, असे खुद्द पै यांनीच जाहीरपणे सांगितले. एका सवर्णाने दाखवलेला हा प्रांजळपणा नोंदवला पाहिजे, पण निर्णय त्याने बदलला नाही. 1920 मध्ये बाळूंना संघातून वगळले आणि पै आजारी पडल्यावर कर्णधारपद अनुभवाने धाकट्या उच्चवर्णीय खेळाडूकडे गेले. बाळूंचे बंधू विठ्ठल व शिवराम यांनी जाहीर निवेदन काढून संघ सोडला. ज्यांच्या कसबावर संघ जिंकतो त्यांनी हात आखडता घेतला, की व्यवस्थापकांना जाग येते. अंतिम सामन्यासाठी बाळू उपकर्णधार म्हणून परतले, आणि पै मैदानाबाहेर असताना काही काळ त्यांनी संघ चालवला. शेवटी 1923 मध्ये विठ्ठल कर्णधार झाले आणि हिंदू संघाने युरोपियनांना हरवून चौरंगी स्पर्धा जिंकली. गुणवत्तेचा प्रश्न मुळात नव्हताच, हे येथे सिद्ध झाले.

बाळूंचे पुढचे राजकारण आपल्याला अडचणीचे वाटते म्हणून झाकू नये. 1932 च्या पुणे करारावर त्यांची सही आहे. 1935 मधील धर्मांतराच्या घोषणेला त्यांचा विरोध होता. 1937 च्या निवडणुकीत काँग्रेसने त्यांना मुंबईत बाबासाहेबांविरुद्ध उभे केले. बाबासाहेबांना 13,245 मते पडली, बाळूंना 11,225. बाळूंचा हिंदू समाजाच्या सुधारणेवर विश्वास होता आणि तो प्रामाणिक असेल. परंतु गोऱ्यांशी सामना असताना हिंदू, पंगतीला अस्पृश्य, आणि आंबेडकरांना अडवायचे असताना पुन्हा हिंदू, असा त्यांचा उपयोग केला गेला, हेही तितकेच खरे.

बाळू 1955 मध्ये वारले. विठ्ठल यांचे ‘माझे क्रीडा-जीवन’ हे आत्मकथन मराठीत आहे. महाविद्यालयांच्या ग्रंथालयांनी ते मिळवावे, विद्यार्थ्यांनी वाचावे. आणि आपापल्या संस्थेत, संघटनेत, पक्षात एवढेच तपासावे : सतरंज्या उचलायला, घोषणा द्यायला, मते मिळवायला आपण चालतो, निर्णय घेणाऱ्यांच्या यादीत आपले नाव कितवे आहे?