जॅक्सन, गॉर्डन

जॅक्सन, गॉर्डन : (१९ डिसेंबर १९२३–१५ जानेवारी १९९०). चित्रपट, दूरचित्रवाणी व रंगभूमी ह्या तिन्ही क्षेत्रांत नाव मिळविलेला स्कॉटिश चरित्र अभिनेता. जन्म ग्लासगो येथे. पाच भावंडांत तो सर्वांत धाकटा होता. शिक्षण ग्लासगोच्याच हिलहेड हायस्कूलमध्ये. शाळेत असतानाच तो बीबीसीच्या नभोवाणीवरील मुलांच्या कार्यक्रमांतून भाग घेऊ लागला. पंधराव्या वर्षी शाळा सोडून तो रोल्स-रॉइस कंपनीत आरेखक म्हणून नोकरीस लागला. ईलिंग स्टुडिओला द फोरमन वेंट टू फ्रान्स (१९४२) ह्या युद्धपटासाठी एक तरुण स्कॉटिश नट हवा होता. ती भूमिका जॅक्सनला मिळाली व त्याचा चित्रपटसृष्टीत प्रवेश झाला. ह्यानंतर काही काळ तो पुन्हा कारखान्यातील कामावर गेला. तथापि चित्रपटांकडून मागणी वाढत गेल्याने लवकरच अभिनय हाच त्याचा व्यवसाय झाला.

कथानकाचा नायक न होता विशिष्ट वय, व्यवसाय, प्रदेश वा स्वभाव असलेली दुय्यम व्यक्तिरेखा जिवंत करणाऱ्या नटास चरित्र अभिनेता म्हणतात. त्याला काम सहसा सतत मिळते. परंतु एका ठरावीक साच्यात अडकून पडण्याचा धोकाही त्यालाच अधिक असतो. तत्कालीन ब्रिटिश चित्रपटांत स्कॉटिश माणसाचे असे काही साचे रूढ होते : काटकसरी म्हातारा, तापट सार्जंट आणि सरळ मनाचा तरुण सैनिक. जॅक्सनच्या वाट्यास प्रथम ह्यांपैकी तिसरा साचा आला. त्याच्या कारकीर्दीचे महत्त्व असे, की हा साचा न झुगारता त्याने तो आतून भरला आणि सुमारे तीस वर्षांनी त्यातूनच एक स्वतंत्र, अविस्मरणीय व्यक्तिरेखा उभी केली.

त्याच्या आरंभीच्या भूमिका दुसऱ्या महायुद्धाशी निगडित आहेत. मिलियन्स लाइक अस (१९४३) ह्या चित्रपटात विमानाच्या कारखान्यात काम करणाऱ्या मुलीशी विवाह करून लगेचच युद्धात मृत्युमुखी पडणारा लाजाळू वैमानिक सैनिक त्याने रंगविला. त्याच वर्षी नाइन मेन व सॅन डिमेट्रिओ लंडन ह्या चित्रपटांत त्याने कामे केली. द कॅप्टिव्ह हार्ट (१९४६) मध्ये तो युद्धबंदी झालेल्या अंध स्कॉटिश अधिकाऱ्याच्या भूमिकेत दिसतो. अलेक्झांडर मॅकेन्ड्रिक दिग्दर्शित व्हिस्की गलोर ! (१९४९) ह्या विनोदपटाचे चित्रीकरण स्कॉटलंडच्या पश्चिमेकडील बारा बेटावर झाले. मद्याचे खोके घेऊन जाणारे जहाज बेटाजवळ फुटते, ह्या घटनेभोवती त्याचे कथानक गुंफले आहे. कर्मठ आईच्या धाकात वावरणारा आणि मद्याच्या घोटाने धीर येऊन तिला प्रथमच उलट उत्तर देणारा शाळामास्तर ही त्यातील जॅक्सनची भूमिका होय. दबलेल्या मनाचा माणूस मोठा आवाज न करता कसा दाखवावा, ह्याचे हे उत्तम उदाहरण आहे.

फ्लडटाइड (१९४९) ह्या चित्रपटाच्या निमित्ताने त्याची एडिंबरोची अभिनेत्री रोना अँडरसन हिच्याशी ओळख झाली. १९५१ मध्ये त्यांचा विवाह झाला. त्यांना दोन मुलगे झाले. पुढे द प्राइम ऑफ मिस जीन ब्रॉडी (१९६९) ह्या चित्रपटात पतिपत्नींनी एकत्र काम केले. त्यातील संगीतशिक्षक लोथर (जॅक्सन) हा नायिकेवर प्रेम करतो. परंतु तिच्या चंचल वृत्तीला कंटाळून अखेरीस तो ज्या शांत रसायनशिक्षिकेकडे वळतो, ती भूमिका रोना अँडरसनची होती.

१९६० नंतर त्याला मोठ्या आंतरराष्ट्रीय चित्रपटांत भूमिका मिळू लागल्या. रोनल्ड नीम ह्याच्या ट्यून्स ऑफ ग्लोरी (१९६०) मध्ये ॲलेक गिनेस व जॉन मिल्स ह्यांनी रंगविलेल्या दोन सेनाधिकाऱ्यांच्या जीवघेण्या संघर्षात जॅक्सनचा कॅप्टन केर्न्झ हा समंजस साक्षीदार आहे. म्यूटिनी ऑन द बाउंटी (१९६२) व द इप्क्रेस फाइल (१९६५) ह्यांतही त्याची कामे आहेत. द ग्रेट एस्केप (१९६३) मध्ये तो जर्मन बंदिछावणीतील कैद्यांच्या पलायनाची गुप्त माहिती सांभाळणाऱ्या मॅक्‌डॉनल्डच्या भूमिकेत आहे. शत्रूने अचानक इंग्रजीत बोलून फसविल्यास सावध राहावे, असे हाच मॅक्‌डॉनल्ड इतरांना बजावतो. प्रत्यक्ष पलायनाच्या वेळी बसमध्ये चढताना जर्मन अधिकारी त्याला इंग्रजीत शुभेच्छा देतो आणि तो सवयीने इंग्रजीतच आभार मानून पकडला जातो. काही क्षणांच्या ह्या प्रसंगातील त्याचा चेहरा प्रेक्षकांच्या दीर्घकाळ स्मरणात राहिला.

रंगभूमीवर ऑर्सन वेल्सच्या मोबी डिक—रिहर्स्‌ड (१९५५) ह्या प्रयोगात त्याने इश्मेलची भूमिका केली. लंडनच्या रॉयल कोर्ट थिएटरमध्ये १९६६ साली तो मॅक्‌बेथमधील बँको झाला. टोनी रिचर्ड्‌सनने १९६९ मध्ये राउंडहाउस येथे सादर केलेल्या हॅम्लेटमध्ये निकल विल्यम्‌सन नायक, तर जॅक्सन होरेशिओ होता. ह्या भूमिकेसाठी त्याला क्लॅरेन्स डरवेंट पारितोषिक मिळाले. ह्या प्रयोगावरून त्याच वर्षी चित्रपटही निघाला. इश्मेल, बँको व होरेशिओ ही तिन्ही पात्रे एका दुर्दम्य नायकाच्या सावलीत उभी असतात, ही गोष्ट लक्षणीय आहे.

दूरचित्रवाणीने मात्र हे चित्र पालटले. लंडन वीकेंड टेलिव्हिजनच्या अपस्टेअर्स, डाउनस्टेअर्स (१९७१–७५) ह्या मालिकेचे ६८ भाग झाले. जीन मार्श व आयलीन ॲट्‌किन्स ह्या दोन अभिनेत्रींच्या मूळ कल्पनेवर ती आधारलेली होती. लंडनमधील १६५, ईटन प्लेस ह्या घरात वरच्या मजल्यांवर राहणारे बेलामी कुटुंब आणि तळघरात राबणारे त्यांचे नोकर, अशा दोन जगांची १९०३ ते १९३० ह्या काळातील कथा तीत सांगितली आहे. जॅक्सनने ह्या घरचा बटलर म्हणजे मुख्य सेवक अँगस हडसन ही भूमिका केली. चित्रपटात दुय्यम पात्रास काही मिनिटे मिळतात. मालिकेत त्याच पात्राचा स्वभाव पाच वर्षे उलगडत राहतो. चरित्र अभिनेत्याला एरवी क्वचितच लाभणारी ही सवड जॅक्सनने पुरेपूर उपयोगात आणली.

हडसन हा धर्मनिष्ठ, शिस्तप्रिय व स्वतःच्या पायरीचा अभिमान बाळगणारा आहे. समाजातील उच्चनीच क्रम ईश्वरी योजनेचाच भाग आहे, असे तो मानतो. त्यामुळे मालकांपेक्षाही तोच त्या व्यवस्थेचा कट्टर रक्षक ठरतो. परंतु युद्ध, आर्थिक पडझड व बदलता काळ ह्यांपुढे ती व्यवस्थाच ढासळते आणि अखेर घर विकले जाते. आयुष्यभराच्या निष्ठेचे मोल काय, हा प्रश्न हडसन कधी बोलून दाखवीत नाही. तो त्याच्या ताठ पाठीतून, मोजक्या उच्चारांतून व क्वचित ढळणाऱ्या संयमातून प्रेक्षकांपर्यंत पोहोचतो. शेवटी स्वयंपाकीणबाई मिसेस ब्रिजेस हिच्याशी विवाह करून तो त्या घराचा निरोप घेतो. पहिल्या महायुद्धातील जर्मनद्वेषाचे चित्रण करणाऱ्या ‘द बीस्टली हुन’ ह्या भागातील अभिनयाबद्दल जॅक्सनला १९७६ मध्ये अमेरिकेचे एमी पारितोषिक मिळाले. १९७९ मध्ये त्याला ‘ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर’ हा सन्मान देण्यात आला.

एवढ्या यशस्वी भूमिकेनंतर पुन्हा साच्यात अडकण्याचा धोका होता. तो टाळण्यास द प्रोफेशनल्स (१९७७–८३) ही मालिका उपयोगी पडली. ब्रायन क्लेमन्सनिर्मित ह्या ५७ भागांच्या साहसमालिकेत सीआय ५ ह्या काल्पनिक गुप्त पथकाचा करारी प्रमुख जॉर्ज काउली त्याने उभा केला. सेवक हुकूम झेलतो, तर काउली हुकूम देतो. परंतु कर्तव्यबुद्धी व भावना आवरण्याची सवय दोघांतही सारखीच आहे. नेव्हिल शूटच्या कादंबरीवर आधारलेल्या अ टाउन लाइक ॲलिस (१९८१) ह्या ऑस्ट्रेलियन मालिकेत त्याने वृद्ध वकील नोएल स्ट्रॅचन रंगविला. आपल्या तरुण अशिलेविषयीचे प्रेम हा वकील मनातच ठेवतो. द शूटिंग पार्टी (१९८५) ह्या चित्रपटातील चोरून शिकार करणारा खेडूत टॉम हार्कर ही भूमिका मात्र वेगळ्या वळणाची असून तीत त्याच्या मिस्कील बाजूचे दर्शन घडते.

जॅक्सनच्या अभिनयात बाह्य आविर्भावाला फारसे स्थान नव्हते. स्कॉटिश उच्चारांचा उपयोग त्याने हशा मिळविण्यापेक्षा स्वभावदर्शनासाठी अधिक केला. ऐकणे ही देखील अभिनयाची क्रिया आहे, हे त्याच्या अनेक भूमिकांवरून स्पष्ट होते : समोरच्या नटाचे वाक्य चालू असताना त्याच्या चेहऱ्यावर जे घडते, त्यावरच पुष्कळदा प्रसंगाचा तोल सावरलेला असतो. नायकपद न मिळताही, किंबहुना त्याचा हव्यास न धरताही, नट प्रेक्षकांच्या मनात मध्यवर्ती स्थान मिळवू शकतो, हे त्याच्या कारकीर्दीने दाखवून दिले.

कर्करोगाने लंडन येथे त्याचे निधन झाले.