बदनामी एका पुस्तकाची, वारसा दुसऱ्याचा

एखाद्या नेत्याने मित्रपक्षाला गाफील ठेवून डाव साधला की 'मॅकियाव्हेलियन' हे विशेषण हमखास वापरले जाते. कारस्थानाला पाच शतकांपूर्वीच्या एका फ्लॉरेन्सकराचे नाव चिकटले ते चिकटलेच. वास्तविक कारस्थान शिकायला राज्यकर्त्यांना निकोलो मॅकियाव्हेलीची गरज कधीच नव्हती. ती विद्या त्याच्या आधीही होती आणि त्याचे नाव न ऐकलेल्या मुलखांतही होती. युरोपीय प्रबोधनकाळातल्या राजकीय विचारातून आजच्या राजकारणात खरोखर काय उतरले, हे पाहायचे तर त्याच्याविषयीचे काही समज आधी बाजूला सारावे लागतात.

गैरसमज १ : 'साध्य चांगले तर साधन कोणतेही चालते' हे त्याचे वाक्य आहे.

असे वाक्य त्याच्या 'द प्रिन्स' या पुस्तकात नाही. हा आरोप अठराव्या प्रकरणातल्या ज्या मजकुरावर उभा आहे, त्याचा आशय असा : राजाच्या कृत्याविरुद्ध दाद मागायला वरचे न्यायालय नसते, त्यामुळे लोक परिणामावरून मत बनवतात. याचा अर्थ तो साधुपुरुष होता असा मुळीच नव्हे. त्याच प्रकरणात तो राजाला गरज पडल्यास शब्द मोडायला सांगतो. डिसेंबर १५०२ मध्ये चेझेना गावात तिथला सत्ताधीश चेझारे बोर्जा याने आपल्याच क्रूर सुभेदाराचे, रेमिर्रो दे ओर्कोचे, दोन तुकडे करून चौकात टाकले. शेजारी लाकडाचा ठोकळा आणि रक्ताळलेली सुरी. फ्लॉरेन्सचा वकील म्हणून मॅकियाव्हेली तेव्हा बोर्जाच्याच दरबारी होता. लोकांचा राग शमला आणि जरबही बसली, हे त्याने पुढे 'द प्रिन्स'मध्ये कौतुकाच्या सुरात लिहिले. पण याच पुस्तकात सिराक्यूजचा हुकूमशहा अगाथोक्लिस याच्याविषयी तो म्हणतो की कत्तलीने सत्ता मिळते, कीर्ती नाही. आणि लोकांचा द्वेष न ओढवणे हाच राजाचा सर्वांत भक्कम किल्ला, असेही बजावतो. 'काहीही चालते' असे मानणाऱ्याने अशी कुंपणे घातली नसती.

गैरसमज २ : तो हुकूमशहांचा सल्लागार होता.

१४९८ ते १५१२ ही चौदा वर्षे तो फ्लॉरेन्सच्या प्रजासत्ताकाचा सचिव होता. भाडोत्री सैन्यावर विसंबलेले शहर स्वतंत्र राहत नाही, या खात्रीने त्याने १५०६ मध्ये आसपासच्या खेड्यांतल्या माणसांची फौज उभी करवून घेतली. १५१२ मध्ये पूर्वी शहरावर हुकूमत चालवणारे मेदिची घराणे स्पॅनिश सैन्याच्या बळावर परतले आणि त्याची नोकरी गेली. पुढच्याच वर्षी कटाच्या संशयावरून त्याला तुरुंगात टाकले, हात पाठीमागे बांधून दोराने वर ओढून खाली सोडण्याची शिक्षा अनेकदा दिली. तिथून सुटल्यावर त्याने 'द प्रिन्स' लिहिले आणि ते अर्पण केले मेदिचींनाच. इथे आक्षेप रास्त आहे : हा लाचारीचा अर्ज नव्हता का? काही अंशी होता. पुन्हा काम मिळावे ही इच्छा त्याने लपवली नाही. पण एका अर्जावरून सगळ्या लेखणीचा न्याय करता येत नाही. ते पुस्तक छापले गेले १५३२ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी, तेही रोममध्ये पोपच्या परवानगीने. १५५९ मध्ये त्याच रोमने त्याचे सगळे लेखन बंदीच्या यादीत टाकले. बदनामीला खरी सुरुवात मरणानंतर झाली.

गैरसमज ३ : मजबूत राज्य म्हणजे एकमुखी राज्य, अशी त्याची शिकवण होती.

हा समज सर्वांत घट्ट आहे आणि सर्वांत चुकीचा. लिव्हीच्या रोमन इतिहासावर त्याने लिहिलेला 'डिस्कोर्सेस' हा मोठा ग्रंथ याच्या बरोबर उलट सांगतो. त्या काळापर्यंत नगरराज्यांविषयी सर्वमान्य मत असे की एकोपा हे आरोग्य आणि फूट हा रोग. मॅकियाव्हेली म्हणतो, रोम स्वतंत्र राहिले ते उमराव आणि सामान्य जन भांडत राहिले म्हणून. परंपरेनुसार इ.स.पू. ४९४ मध्ये सामान्य लोक शहर सोडून टेकडीवर जाऊन बसले. त्या रुसव्यातून 'ट्रिब्यून' हे लोकांचे कैवारी अधिकारी मिळाले. त्याने दिलेले कोरिओलेनसचे उदाहरण तर डोळ्यांसमोर उभे राहते. दुष्काळात धान्य अडवून लोकांना वठणीवर आणा, असे या उमरावाने सेनेटला सुचवले. बाहेर जमाव त्याच्या जिवावर उठला होता. ट्रिब्यूननी त्याला जाब देण्यासाठी बोलावणे धाडले आणि दंगल टळली. रागाला कायद्याने दार दिले नाही तर तो भिंत फोडून बाहेर पडतो, हा त्यातला धडा. म्हणूनच उघड आरोपाची सोय हवी, असे तो सांगतो. ती नसली की कुजबुज आणि बदनामी माजते.

यावर कोणी विचारेल, भांडणाने राज्ये बुडतात त्याचे काय? खुद्द फ्लॉरेन्सच गटबाजीने पोखरले होते. हा प्रश्न त्याने टाळला नाही. १५२५ मध्ये पोपला सादर केलेल्या फ्लॉरेन्सच्या इतिहासात तो फरक दाखवतो : रोमचे तंटे कायद्यात संपत, फ्लॉरेन्सचे हद्दपारीत आणि खुनात. रोमन सामान्यांना सत्तेत वाटा हवा होता, फ्लॉरेन्सच्या लोकांना समोरच्याला सत्तेतून हाकलायचे होते. तेव्हा कोणतेही भांडण चांगले, असे त्याचे म्हणणे नाही. भांडण कुठे जाऊन थांबते, यावर तो राज्य जोखतो.

गैरसमज ४ : चाणक्य म्हणजे भारताचा मॅकियाव्हेली.

तुलना सोपी आहे, पण नेमक्या या भांडणाच्या मुद्द्यावरच फसते. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात गणसंघांवर एक स्वतंत्र अधिकरण आहे. संघांत भेद कसा पाडावा हा त्याचा विषय. तिथे फूट हे बाहेरच्या राजाचे हत्यार आहे. 'डिस्कोर्सेस'मध्ये मात्र अंतर्गत मतभेद ही राज्याची स्वतःची ताकद ठरते.

गैरसमज ५ : त्याचा वारसा फक्त सत्तापिपासूंकडे गेला.

प्रशियाच्या फ्रेडरिकने १७४० मध्ये मॅकियाव्हेलीचे खंडन करणारे पुस्तक काढले आणि त्याच वर्षी डिसेंबरात सायलेशियावर चाल केली. त्याला त्या कामी कोणाच्या शिकवणीची जरूर नव्हती. उलट बाजूला १६५६ मध्ये इंग्लंडच्या जेम्स हॅरिंग्टनने प्रजासत्ताकाचा आराखडा मांडताना मॅकियाव्हेलीचा आधार घेतला. अमेरिकेच्या जॉन ॲडम्सने १७८७ च्या सुमारास राज्यघटनांवर लिहिताना त्याच फ्लॉरेन्सच्या इतिहासाचा तपशिलाने काथ्याकूट केला. ॲडम्सला तो सगळा पटला नव्हता. पण परस्परविरोधी हितसंबंध नाहीसे होत नाहीत, त्यांना समोरासमोर बसवावे लागते, हा प्रश्न दोघांचा एकच होता. अर्थात वारसा फुगवून सांगायलाही नको. व्यक्तीचे हक्क, निवडून दिलेले प्रतिनिधी, स्वतंत्र न्यायसंस्था यांचे श्रेय इतरांचे आहे. शिवाय रोमचे स्वातंत्र्य त्याला आवडले त्यात रोमच्या साम्राज्यविस्ताराचाही वाटा होता, आणि ती बाजू आज स्वीकारण्याजोगी नाही.

एवढे वजा करूनही एक गोष्ट उरते. १९३७ मध्ये ब्रिटनने आणि १९७७ मध्ये भारताने कायदा करून संसदेतल्या विरोधी पक्षनेत्याला सरकारी तिजोरीतून वेतन द्यायला सुरुवात केली. सरकारला धारेवर धरणे हे ज्याचे काम, त्याचा पगार सरकारी खजिन्यातून. हे कायदे करणाऱ्यांनी 'डिस्कोर्सेस' उशाशी ठेवले होते असा दावा नाही. पण एकोपा हेच आरोग्य मानणाऱ्या राज्यात असा पगार कोणाला सुचला नसता. म्हणून विरोधकाला देशाचा वैरी ठरवणाऱ्या नेत्याला 'मॅकियाव्हेलियन' म्हणताना थोडे थांबावे. त्या नेत्याने फार तर 'द प्रिन्स'ची काही पाने चाळली असतील. 'डिस्कोर्सेस' त्याने उघडलेलेच नाही.