लग्नाची तिथी आणि गर्भाचे दिवस

साखरपुडा आणि लग्न यांच्यामधला काळ शहरी मध्यमवर्गात आता बराच लांबला आहे. मनासारखे कार्यालय मिळायला हवे, परदेशातील भावाला रजा मिळायला हवी, वधूची परीक्षा आटोपायला हवी, आणि या साऱ्याला जुळेल असा मुहूर्तही हवा. त्यामुळे ठरलेले लग्न सहा-आठ महिन्यांनी लागते. या काळात नियोजित वधूवरांनी एकत्र हिंडावे, खरेदी करावी, भावी बिऱ्हाडाची जागा पाहून यावी, हे वडीलधाऱ्यांच्या संमतीनेच घडते. एवढी मोकळीक दिल्यावर तिचे सर्व संभाव्य परिणाम गृहीत धरण्याची तयारी मात्र घरात नसते. लग्नाला महिना-सव्वा महिना उरला असताना मुलीला दिवस गेल्याचे लक्षात आले, तर पहिला प्रश्न येतो तो ‘हे कोणाला कळले तर नाही ना?’ असा. तिला स्वतःला काय हवे आहे, हा प्रश्न पुष्कळदा विचारलाच जात नाही.

मुळात ही गोष्ट लक्षात यायलाच लग्नघरात उशीर होतो. पाळी लांबली की तिचे खापर दगदगीवर, जागरणावर किंवा केळवणांच्या जेवणावर फोडले जाते. त्यातच कार्यात ‘अडचण’ नको म्हणून पाळी पुढे ढकलण्याच्या गोळ्या घेण्याची रीत घरोघर रूढ आहे. बहुधा आई किंवा मावशीच त्या आणून देते. नॉरएथिस्टेरॉन नावाचे हे औषध गर्भ असताना घ्यावयाचे नसते आणि ते चालू करण्यापूर्वी गर्भ नसल्याची खात्री करून घेणे आवश्यक असते. परंतु अविवाहित मुलीच्या बाबतीत अशी शंकाच घ्यायची नाही, हा सभ्यतेचा संकेत! गोळ्यांमुळे पाळी आली नाही असे समजून आणखी दोन-तीन आठवडे निघून जातात.

दुसरा घोळ हिशेबाचा आहे, आणि त्याने झालेले अनर्थ थोडे नाहीत. वैद्यकशास्त्र गर्भाचे आठवडे शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजते; प्रत्यक्ष गर्भधारणा त्यानंतर सुमारे दोन आठवड्यांनी होते. म्हणजे ज्या मुलीची पाळी पंधरा दिवस लांबली, तिच्या कागदावर डॉक्टर सहा आठवडे लिहितात, जरी गर्भ चारच आठवड्यांचा असला तरी. ही रीत ठाऊक नसलेला तरुण बोटांवर दिवस मोजतो आणि ‘तेव्हा तर मी दौऱ्यावर होतो’ असे म्हणून संशयाने ग्रासला जातो. दोन आठवड्यांच्या या फरकापायी एखाद्या मुलीच्या चारित्र्याचा पंचनामा व्हावा, यापरते दुर्दैव नाही. लघवीच्या साध्या तपासणीनंतर दोघांनी मिळून डॉक्टरांकडे जावे, गर्भ गर्भाशयातच आहे ना हे सोनोग्राफीने पाहून घ्यावे आणि आठवड्यांचा अर्थ तेथेच समजून घ्यावा, हे सर्वांत शहाणपणाचे.

मूल हवे असे दोघांनी ठरविले, तर अडचण वाटते तितकी मोठी नाही. निरोगी स्त्रीला या अवस्थेत बोहल्यावर उभे राहण्यास सहसा काही बाध येत नाही. फॉलिक ॲसिडच्या गोळ्या तत्काळ सुरू कराव्यात आणि मुहूर्त लागेपर्यंत उपाशी राहण्याचा हट्ट सोडावा. तिथी अलीकडे आणणे कार्यालयाअभावी अशक्य असेल, तर नोंदणी विवाह आधी उरकता येतो. मात्र विशेष विवाह कायद्याखाली त्यासाठी ३० दिवस अगोदर नोटीस द्यावी लागते, हे ध्यानात ठेवावे. मुलाच्या औरसपणाची चिंता तर सर्वस्वी अनाठायी आहे. विवाह कायम असताना जन्मलेले मूल त्या पतीचेच, असे १८७२ च्या पुरावा कायद्याच्या कलम ११२ ने मानले, आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ११६ नेही तेच कायम ठेवले. त्या काळात पतिपत्नींचा संबंध येणेच शक्य नव्हते असे सिद्ध झाले, तरच त्याला अपवाद. मूल लग्नानंतर कितव्या महिन्यात झाले, हे कायदा विचारत नाही.

ते विचारतात शेजारपाजारचे. त्यांच्यासाठी ‘सातव्यातच झाला हो’ हे वाक्य आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या तयार ठेवलेले आहे. साडेतीन किलोचे, खणखणीत रडणारे सातमासी बाळ पाहून बारशाला आलेल्या बायका काय समजायचे ते समजतात आणि पाळण्याची दोरी ओढतात. या लटक्या हिशेबाने समाजात कोणाचे बिघडत नाही. पण तोच हिशेब दवाखान्यातही सांगितला गेला तर बिघडते. खोट्या तारखेवरून गर्भाची वाढ, तपासण्यांची वेळ, बाळंतपणाचा अंदाज, सारेच चुकते. सासूबाई शेजारी बसल्या आहेत म्हणून सून डॉक्टरांना पाळीची तारीख महिनाभर पुढची सांगते, असे घडू नये.

मूल आत्ता नको, असाही निर्णय होऊ शकतो. आणि येथेच लोकांचे अज्ञान सर्वाधिक आहे. शांतिलाल शहा समितीच्या शिफारशींवरून झालेल्या १९७१ च्या कायद्याने गर्भपाताला वाट करून दिली; पण संततिनियमनाचे साधन फसल्याची सवलत त्यात ‘विवाहित स्त्री किंवा तिचा पती’ यांच्यापुरती होती. २०२१ च्या दुरुस्तीने त्या जागी ‘कोणतीही स्त्री किंवा तिचा जोडीदार’ असे शब्द आले आणि एका डॉक्टराच्या मतावर गर्भपात करण्याची मर्यादा २० आठवड्यांपर्यंत गेली. पुढच्याच वर्षी २५ वर्षांची एक अविवाहित स्त्री न्यायालयात आली. तिच्या जोडीदाराने ऐन वेळी लग्नाला नकार दिला होता आणि गर्भ २० आठवड्यांच्या पुढे गेला होता. दिल्ली उच्च न्यायालयाने तिला परवानगी नाकारली. सर्वोच्च न्यायालयाने ती जुलैमध्ये दिली, आणि २९ सप्टेंबर २०२२ च्या निकालात २० ते २४ आठवड्यांच्या तरतुदीतून अविवाहितेला वगळता येणार नाही असे स्पष्ट केले.

केवळ मागणी केली म्हणून गर्भपात, असा आपला कायदा नाही. डॉक्टराचे मत लागतेच. पण सज्ञान स्त्रीच्या बाबतीत संमती लागते ती तिची एकटीची. वडिलांची सही, भावी पतीची सही, लग्नाचा दाखला यांपैकी काहीही कायद्याने मागितलेले नाही. तिचे नाव अनधिकृतपणे फोडणाऱ्या डॉक्टराला एक वर्षापर्यंत कैद होऊ शकते. हे ठाऊक नसल्यामुळेच मुली परगावच्या अनोळखी दुकानातून गोळ्या आणतात आणि संगीताच्या तालमी चालू असताना रक्तस्राव लपवीत बसतात. नऊ आठवड्यांपर्यंत गोळ्यांनी गर्भपात करता येतो हे खरे. परंतु तो डॉक्टरांच्या देखरेखीखालीच करावयाचा असतो. गर्भ नलिकेत राहिला असेल तर या गोळ्यांचा उपयोग होत नाही आणि जिवावर बेतू शकते.

राहता राहिला वरपक्ष. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १२ चा बागुलबुवा दाखविला जातो. पण ते कलम वधू लग्नाच्या वेळी दुसऱ्या पुरुषापासून गर्भवती असल्याबद्दलचे आहे. तेही वराला हे ठाऊक नसेल आणि त्याने एका वर्षाच्या आत दाद मागितली तरच. ज्याचे मूल त्याच्याशीच लग्न, तेथे ते लागूच होत नाही. तरीही ‘आमच्या मुलाला नादी लावले’ हे उद्गार निघतातच. सुरतच्या विजयालक्ष्मी नावाच्या विधवेच्या खटल्याने उसळलेल्या चर्चेला उत्तर म्हणून ताराबाई शिंदे यांनी १८८२ मध्ये ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिली, ती नेमक्या या एकतर्फी न्यायावर. तेव्हापासून कायदा पुष्कळ पुढे आला. दिवाणखान्यातील बैठक अजून तेथेच आहे. या बैठकीत मुलगा मान खाली घालून बसतो, बोलतात ते त्याचे काका.

सर्वांत नाजूक प्रसंग तो, जेव्हा साखरपुड्यानंतरच्या महिन्यांत मुलीचे मनच या स्थळाबद्दल साशंक झालेले असते आणि गर्भ राहिल्यामुळे आता ‘नाही’ म्हणण्याची सोय उरली नाही असे सगळे तिला बजावू लागतात. लग्न, मूल आणि मुहूर्त हे तीन वेगवेगळे निर्णय आहेत. एकाच्या ओझ्याखाली उरलेले दोन्ही घेतले जाऊ नयेत. अशा वेळी तपासणीच्या खोलीत डॉक्टरांनी आईला आणि भावी पतीला पाच मिनिटे बाहेर बसवून मुलीशी एकटीशी बोलावे. कार्यालयाची अनामत आणि छापून आलेल्या पत्रिका यांचे काय करायचे, ते तिने सांगितल्यानंतर पाहता येईल.