दगड न फोडता

छिंदवाडा जिल्ह्यातलं मोहगाव कलान नकाशावर मध्य प्रदेशात येत असलं, तरी नागपूरच्या वनस्पतिशास्त्रज्ञांना ते कधी परकं वाटलेलं नाही. याला कारण तिथे सापडणारा चर्ट. गारगोटीच्या जातीचा हा कठीण, काळपट दगड आहे आणि त्याच्या पोटात फळं, बिया, लाकूड, नेचे असं सगळं दगड होऊन बसलेलं आहे. दख्खनचा लाव्हा एका दमात आला नाही. एक लोट थिजायचा, मग बराच काळ शांतता असायची. त्या काळात खोलगट जागी तळी साचायची, काठावर रान माजायचं आणि मग पुढचा लोट येऊन सगळं झाकून टाकायचा. तळ्याच्या पाण्यात विरघळलेली सिलिका वनस्पतींच्या पेशीपेशींत शिरली आणि तिथेच घट्ट झाली. म्हणून सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांनंतरही त्या वनस्पतींच्या पेशींच्या भिंती सूक्ष्मदर्शकाखाली दिसतात. भूशास्त्रात लाव्ह्याच्या दोन लोटांमधल्या अशा थरांना आंतरट्रॅप थर म्हणतात. बिरबल सहानी आणि के. पी. रोडे यांनी मोहगाव कलानच्या जीवाश्मांवर लिहिलं ते १९३७ साली, आणि तेव्हापासून हे काम थांबलेलं नाही.

या दगडांत काय हाती लागतं? द्राक्षाची एक बी हातात घेऊन पाहा. पोटाच्या बाजूला दोन उभ्या खाचा आणि पाठीवर एक गोलसर ठसा दिसेल. ही द्राक्षकुळाची खूण. हीच खूण असलेल्या बिया दख्खनच्या चर्टमध्ये मिळाल्या आणि २०१३ साली स्टीव्हन मँचेस्टर, भंडाऱ्याचे दशरथ कापगते आणि जून वेन यांनी त्यांना ‘इंडोव्हायटिस चितळेई’ असं नाव दिलं. द्राक्षकुळाच्या आजवर मिळालेल्या सर्वांत जुन्या पुराव्यांमध्ये त्यांची गणना होते. नावातल्या चितळे म्हणजे नागपूरला आयुष्याची कित्येक वर्षं या दगडांवर काम करून पुढे अमेरिकेत क्लीव्हलंडच्या संग्रहालयात गेलेल्या पुरावनस्पतिशास्त्रज्ञ डॉ. चितळे.

त्यांच्या पिढीची कामाची रीत समजून घेतली पाहिजे, म्हणजे पुढचा बदल किती मोठा आहे ते कळतं. दगड हिऱ्याच्या पात्याने कापायचा, पृष्ठभाग घासून गुळगुळीत करायचा आणि तो हायड्रोफ्लोरिक आम्लात थोडा वेळ बुडवायचा. हे आम्ल सिलिका खातं, पेशींच्या भिंतींत उरलेला कार्बन खात नाही. त्यामुळे भिंती केसभर वर उभ्या राहतात. त्यांवर ॲसिटोन ओतून सेल्युलोज ॲसिटेटचा पातळ कागद चिकटवायचा, वाळला की सोलून काढायचा. त्या सालीबरोबर पेशींचा एक थर निघून येतो. मग पुन्हा घासायचं, पुन्हा आम्ल, पुन्हा साल. हे आम्ल कातडीतून आत उतरून हाडापर्यंत इजा करतं, म्हणून प्रत्येक वेळी जीव मुठीत धरून काम. शिवाय पातं जिथून जातं तिथला भाग भुकटी होऊन कायमचा जातो. तीन मिलिमीटरच्या बीमधून असं पातं फिरलं तर काय उरतं? ऑक्सफर्डचे सोलास यांनी १९०३ साली जीवाश्म थराथराने घासत नेऊन प्रत्येक थराचं चित्र घेण्याची पद्धत मांडली होती. तिच्यातही शेवटी हातात चित्रं राहायची, जीवाश्म राहायचा नाही. विज्ञानाला ही किंमत शंभर वर्षं मोजावी लागली.

ती किंमत वाचवणारं यंत्र म्हणजे मायक्रो-सीटी. दवाखान्यातल्या सीटी स्कॅनचं हे भावंडच, पण स्वभाव वेगळा. दवाखान्यात रुग्ण स्थिर असतो आणि क्ष-किरणांचा स्रोत त्याच्याभोवती फिरतो. मायक्रो-सीटीत स्रोत आणि शोधक पडदा जागचे हलत नाहीत. नमुनाच एका अचूक फिरत्या चौरंगावर अंशाअंशाने वळतो. प्रत्येक वळणावर एक छायाचित्र, अशी एका फेरीत हजार-दोन हजार छायाचित्रं. गणकयंत्र त्या सगळ्या सावल्यांवरून उलटा हिशेब करतं: आत कुठे किती घनता असेल तर नेमक्या अशाच सावल्या पडतील? या हिशेबाचा गणिती पाया योहान राडॉन यांनी १९१७ मध्येच घालून ठेवला होता. उत्तर मिळतं ते सूक्ष्म घनांच्या स्वरूपात. या घनाला व्हॉक्सेल म्हणतात. दवाखान्यातल्या यंत्राचा व्हॉक्सेल साधारण अर्ध्या मिलिमीटरचा, तर या यंत्राचा काही मायक्रॉनचा. माणसाचा केस सत्तर-ऐंशी मायक्रॉन जाड असतो.

ही बारकाई येते कुठून? दिव्यासमोर हात धरला आणि तो दिव्याजवळ नेला, की भिंतीवरची सावली मोठी होते. इथेही नमुना स्रोताच्या अगदी जवळ आणि पडदा लांब ठेवतात. पण दिवा मोठा असेल तर मोठी झालेली सावली कडांना पुसट होते. म्हणून स्रोत शक्य तितका बारीक लागतो. टंगस्टनच्या लक्ष्यावर इलेक्ट्रॉनांचा झोत काही मायक्रॉनच्या ठिपक्यात एकवटला, की क्ष-किरण त्या ठिपक्यातून निघतात. तेवढ्याशा ठिपक्यात जास्त ऊर्जा ओतली तर टंगस्टनही वितळेल, म्हणून झोत मंद ठेवावा लागतो आणि एकेक स्कॅन कित्येकदा रात्रभर चालतो. दुसरी अट पडद्याची. पडद्यावर आडव्या रांगेत दोन हजार बिंदू असतील आणि फळ दोन सेंटिमीटरचं असेल, तर एकेका बिंदूच्या वाट्याला दहा मायक्रॉन येतात. त्याहून बारीक हवं असेल तर नमुनाच लहान हवा. मोठा दगड आणि बारीक तपशील ही दोन्ही एकदम मिळत नाहीत.

अशा बारकाईची सुरुवात एका गोगलगाईपासून झाली. लंडनमध्ये जिम एलियट आणि डोव्हर यांनी १९८२ साली एका छोट्या पाणगोगलगाईच्या शंखाची अशी त्रिमितीय प्रतिमा छापली. दोनच वर्षांनी फोर्ड मोटर कंपनीच्या प्रयोगशाळेतून फेल्डकॅम्प, डेव्हिस आणि क्रेस यांनी शंकूच्या आकाराच्या झोतासाठी हिशेबाची एक सोपी रीत दिली. मोटारीच्या भागांमधले दोष शोधता शोधता निघालेली ही रीत पुढे हाडांच्या जाळीदार रचनेच्या अभ्यासाला लागली आणि आजही जगभरच्या यंत्रांत तिचीच रूपं चालतात.

आता हे यंत्र चालवणाऱ्या माणसांविषयी. त्यांचं काम फार कमी लोकांना ठाऊक आहे आणि मला वाटतं, या विषयाचा जीव तिथेच आहे. चर्टचा तुकडा आला की त्याची पहिली परीक्षा म्हणजे तो हलता कामा नये. हजारो छायाचित्रांच्या दरम्यान नमुना दहा मायक्रॉन जरी सरकला तरी सगळी प्रतिमा दुहेरी दिसते. म्हणून तो हलक्या फोममध्ये कोरून बसवतात, किंवा प्लॅस्टिकच्या नळीत मेणाच्या फितीने घट्ट करतात. आधार हलकाच हवा, म्हणजे क्ष-किरणांना तो जवळजवळ दिसत नाही. दगड लांबट असेल तर उभा बसवतात, नाहीतर आडव्या दिशेने किरणांना फार जाडी पार करावी लागते. मग व्होल्टेज किती ठेवायचं? कमी ठेवलं तर किरण दगडात अडकतात, जास्त ठेवलं तर सगळंच आरपार जातं आणि फरक दिसेनासा होतो. आणखी एक अडचण आहे. झोतात दुबळे आणि ताकदवान असे दोन्ही किरण असतात. दुबळे बाहेरच्या थरातच शोषले जातात आणि त्यामुळे दगडाच्या कडा खोट्या उजळ, मधला भाग खोटा काळा दिसतो. ते टाळायला झोताच्या वाटेत तांब्याचा पातळ पत्रा धरतात. पडद्यावरचा एखादा बिंदू बिघडलेला असेल तर प्रत्येक छेदावर एक वर्तुळ उमटतं, आणि नवख्या माणसाला ते झाडाचं वलय वाटू शकतं. अनुभवी माणूस ते पाहताक्षणी ओळखतो.

दख्खनच्या चर्टमध्ये याहून बिकट प्रश्न आहे. दगडही सिलिका आणि त्यातलं फळही सिलिका. क्ष-किरणांच्या दृष्टीने दोन्ही जवळजवळ सारखेच. पेशींच्या भिंतींत उरलेला कार्बन, मधल्या पोकळ्या, कुठे साचलेली लोहखनिजं यांवरच सगळा भरवसा. काही तुकड्यांत फळाचे थर सुरेख उलगडतात, तर काहींत रात्रभर स्कॅन करून सकाळी सपाट राखाडी ठोकळा हाती येतो. अशा वेळी सिंक्रोट्रॉन या मोठ्या कणत्वरक यंत्राकडे जावं लागतं. तिथले क्ष-किरण इतके शिस्तीत असतात की नमुन्यातून जाताना त्यांच्या लहरी किंचित मागेपुढे होतात, तेवढंही टिपता येतं. त्यामुळे शोषणात फरक नसला तरी कडा दिसतात. फ्रान्सच्या ग्रेनोबल इथे अशी मोठी सोय आहे. आपल्याकडे इंदूरच्या राजा रामण्णा प्रगत तंत्रज्ञान केंद्रात इंडस-२ हा सिंक्रोट्रॉन असून त्यावर प्रतिमांसाठी स्वतंत्र किरणवाहिनी आहे.

स्कॅन झाला की काम संपलं असं नाही, उलट खरं काम तिथून सुरू होतं. दोन हजार गुणिले दोन हजार गुणिले दोन हजार म्हणजे ८०० कोटी व्हॉक्सेल, म्हणजे एका फळामागे सुमारे १६ जीबी माहिती. या राखाडी ढिगातून बी कुठे संपते आणि कवच कुठे सुरू होतं, हे तज्ज्ञ छेदाछेदाने रंगवत जातो. यंत्र मदत करतं, पण जिथे सीमा पुसट असते तिथे निर्णय माणसाचा असतो. मासिकांत दिसणारी रंगीत, चकचकीत चित्रं ही अशा शेकडो निर्णयांची बेरीज असते. म्हणून मूळ राखाडी माहिती जपून इतरांना तपासायला देणं हा या क्षेत्रातल्या प्रामाणिकपणाचा भाग मानला पाहिजे.

याचं फळ पाहायचं तर ताडगोळ्यापाशी यावं लागेल. दख्खनच्या थरांतून बांडे, प्रकाश आणि अंबवाणी यांनी १९८२ साली ‘हायफेनिओकार्पन इंडिकम’ नावाच्या ताडकुळातल्या फळाची नोंद केली होती. २०१९ मध्ये केली मात्सुनागा, सेलेना स्मिथ, मँचेस्टर, श्रीवास्तव आणि कापगते यांनी या फळांचा मायक्रो-सीटीने फेरअभ्यास केला. ताडांच्या वर्गीकरणात फळाच्या सालीचे थर, त्यातल्या तंतूंच्या जुड्यांची मांडणी, अठळीची घडण या खुणा मोलाच्या असतात. पात्याने कापलेल्या एकदोन छेदांत त्या अपघातानेच मिळतात. त्रिमितीय प्रतिमेत मात्र फळ हव्या त्या दिशेने, हव्या तितक्या वेळा ‘कापता’ येतं. निष्कर्ष असा निघाला की हे फळ आजच्या हायफेनी ताडाच्या उपगटातलं. खोडाला फाटे फुटणारा हा ताड गुजरातच्या आणि दीवच्या किनाऱ्यावर आजही दिसतो. आपला ताड आणि सेशेल्सचा दरियाई नारळही याच मोठ्या गटातले. ६ कोटी ७० लाख ते ६ कोटी ४० लाख वर्षांपूर्वीच्या थरांत हे फळ आहे, म्हणजे या गटाचा उगम क्रिटेशियस काळात, पृथ्वीवर डायनोसॉर होते तेव्हाच झाला. जुनी नोंद असलेल्या फळाने एका वंशाचा इतिहास मागे नेला.

हे तंत्र दगडापुरतं नाही. अँटिकिथेराच्या प्राचीन ग्रीक यंत्राचे गंजून एकजीव झालेले तुकडे बघायला २००५ साली कित्येक टनांचं यंत्र इंग्लंडहून अथेन्सला नेलं गेलं आणि आत दडलेले दाते व अक्षरं वाचता आली. मृत समुद्राकाठच्या एन-गेदीत १९७० साली मिळालेली कोळसा झालेली गुंडाळी न उलगडता वाचली गेली; ते वाचन २०१६ मध्ये प्रसिद्ध झालं. किड्यांच्या आणि बेडकांच्या शरीराचे मऊ भाग क्ष-किरणांना फारसे दिसत नाहीत; त्यांना आयोडीनच्या द्रावणात मुरवलं की स्नायू आणि मज्जातंतूही उठून दिसतात. अमेरिकेतल्या संग्रहालयांनी मिळून १३,००० हून अधिक पृष्ठवंशीय नमुने अशा रीतीने स्कॅन करून कोणालाही विनामूल्य उतरवून घेता येतील असे ठेवले आहेत. चंद्रपूरच्या किंवा सावंतवाडीच्या कॉलेजातल्या विद्यार्थ्यालाही ते खुले आहेत. प्राणिशास्त्राच्या प्राध्यापकांनी ते वर्गात जरूर वापरावेत.

राहता राहिले आपले नमुने. विदर्भातल्या जुन्या कॉलेजांच्या वनस्पतिशास्त्र विभागांत चर्टचे तुकडे असलेली कपाटं असतात. विभागप्रमुख निवृत्त होतात, खोल्या बदलतात, रंगकाम निघतं आणि खोकी बाहेर येतात. त्या तुकड्यांबरोबरची चिठ्ठी हरवली तर गाव आणि थर कळत नाही, आणि मग जगातलं सर्वोत्तम यंत्रही त्या दगडाचं वय किंवा ठिकाण सांगू शकत नाही. तेव्हा या विभागांना विनंती आहे: चिठ्ठीवरचा क्रमांक दगडावरही शाईने लिहा, सगळ्या खोक्यांची यादी करून तिची एक प्रत ग्रंथालयात ठेवा, आणि एखाद्या जातीचा एकच तुकडा उरला असेल तर स्कॅन होईपर्यंत त्याला पातं लावू नका.